जरा हललं पाहिजे

सायकलची दुरुस्ती मी घरीच करतो हे कळल्यापासून मला दोन प्रश्न नेहमी विचारले जातात. सायकलवाले मित्र विचारतात, "अवजारं कोणती वापरतोस?" नातेवाईक विचारतात, "अण्णांना अजून सायकल चालवू देतोस का रे?" पहिला प्रश्न कौतुकाने येतो, दुसरा काळजीने, आणि आत्याकडून आला तर थोडा रागानेही. दोन्हीचं उत्तर एकाच डब्यात आहे, म्हणून इथे एकदाच लिहून टाकतो.

डबा अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा. लाकडी आहे, शिसवी नाही, साधाच; आत मखमलीचा एक कपडा, तोही आता जागोजागी टक्कल पडलेला. अण्णांचं मिरजेत घड्याळ दुरुस्तीचं दुकान होतं. दुकान म्हणजे जिन्याखालची जागा, एक काचेची पेटी, एक दिवा आणि अण्णा. त्यांच्या हाताखालून सगळ्यात जास्त गेली ती एचएमटीची 'जनता'. चावीचं घड्याळ, सतरा ज्वेलचं, तासाला १८,००० ठोके देणारं. पुढे सेलची घड्याळं आली, मग मोबाईल आले, आणि घड्याळ दुरुस्त करण्यापेक्षा नवीन घेणं स्वस्त झालं. एचएमटीचा घड्याळांचा उद्योग बंद करायचा निर्णय केंद्र सरकारने २०१६ च्या जानेवारीत घेतला. अण्णांनी शटर त्याच्याही पाच वर्षं आधी ओढलं होतं.

आई गेल्यावर ते पुण्याला आमच्याकडे आले ते दोनच वस्तू घेऊन. हा डबा आणि त्यांची काळी, उंच, रॉड ब्रेकवाली सायकल. बाकी सगळं ताईने वाटून टाकलं.

डब्यात काय काय आहे? स्क्रू ड्रायव्हरचा संच, सगळ्यात बारीक पातं अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास. प्रत्येकाच्या डोक्यावर फिरती टोपी. टोपीवर तर्जनी टेकवायची आणि अंगठा आणि मधल्या बोटाने दांडा फिरवायचा. दोन चिमटे, टोकं सुईसारखी. डोळ्याला लावायचं भिंग. तेल द्यायच्या सुया. बारीक कानशी. आणि एक व्हर्नियर, ०.०२ मिलिमीटरपर्यंत वाचणारा.

तुम्ही म्हणाल, सायकलला हे कशाला? आपल्याकडे सायकल म्हटली की पाना, पक्कड आणि हातोडी. आणि हातोडीचं काही चुकतं असंही नाही. जुन्या सायकलच्या पायडलच्या दांड्यातली कॉटर पिन काढायची तर ठोकावीच लागते, तिथे चिमटा घेऊन बसलात तर दिवाळी येईल. पण सायकलमध्ये ठोकायच्या जागा दोन-चारच असतात. बाकी सगळ्या मापाच्या असतात, हे मला या डब्याने दाखवलं.

सुरुवात पंक्चरपासून झाली. मागच्या वर्षी पावसाळा संपता संपता माझ्या सायकलचं मागचं चाक एका आठवड्यात तीनदा बसलं. पॅच दरवेळी उत्तम बसलेला, नवीन भोक मात्र शेजारीच. अण्णा बाल्कनीत पेपर वाचत होते. म्हणाले, "ट्यूब कशाला बघतोस? ट्यूबला झालंय, केलंय टायरनं." मग त्यांनी ट्यूब टायरवर धरली, वाल्वशी वाल्वची जागा जुळवली, भोकापासून टायरपर्यंत बोट नेलं आणि तिथे खडूने खूण केली. आतून अंगठा फिरवला तर काहीच लागत नव्हतं. मग भिंग लावलं. रबराच्या आत, केसाहून जेमतेम जाड, अशी तार होती. चिमट्याने ओढली तेव्हा तीन मिलिमीटरचा तुकडा निघाला.

या तारा ट्रक-बसच्या टायरमधल्या असतात. त्या टायरांच्या आत पोलादी तारांचं जाळं असतं, टायर फुटला की तुकडे रस्त्याच्या कडेला पडतात, आणि कडेलाच आपण सायकल चालवतो. चाकावर वजन नसताना तार रबरात दडून राहते, आपण बसलो की आत टोचते. म्हणून हाताला लागत नाही. बाभळीचा काटा निदान दिसतो तरी. तेव्हापासून चिमटा आणि भिंग माझ्या सायकलच्या पिशवीत असतात. (अण्णांचे नाहीत. माझे वेगळे आणले. अवजार उसनं देणं हा अण्णांच्या धर्मात बसत नाही.)

मग तेलाचा विषय निघाला. आपण चेनवर तेल ओततो, चेन काळी कुळकुळीत होते, पँट खराब होते, आणि आपल्याला वाटतं मस्त तेलपाणी झालं. अण्णांना हे बघवत नव्हतं. घड्याळात तेल जास्त झालं तर ते ज्वेलच्या बाहेर पसरतं आणि जाताना आतलंही ओढून नेतं, म्हणजे जास्त दिलेलं तेल शेवटी कमी पडतं. चेनचं थोडं वेगळं आहे, पण धडा तोच. तेल हवं असतं ते रोलरच्या आत, पिनेपाशी. बाहेर राहिलेलं तेल धूळ धरतं, आणि तेल अधिक धूळ म्हणजे पॉलिश पेपरच. माझ्या चेनला ११४ कड्या आहेत. एका कडीला एक थेंब, मग पायडल उलटं फिरवून तेल आत जाऊ द्यायचं, आणि वरचं सगळं फडक्याने पुसून काढायचं. दहा मिनिटं लागतात. पँट स्वच्छ राहते हा वरचा फायदा.

चेन बदलायची कधी, हे ठरवायला तर महागाचं काहीच लागत नाही. शाळेच्या कंपासपेटीतली नाही, पण एक फुटाची स्टीलची पट्टी लागते. चेनच्या एका पिनेपासून पुढच्या पिनेपर्यंत बरोबर अर्धा इंच असतो, म्हणजे १२.७ मिलिमीटर. चोवीस कड्या म्हणजे बारा इंच. पट्टीचा शून्य एका पिनेच्या मध्यावर ठेवायचा आणि चोविसावी पिन बघायची. बारावर असेल तर ठीक. बारा आणि एक सोळांश झाली की नवीन चेन आणायची. बारा आणि एक अष्टमांश झाली तर चेनबरोबर मागची दातेरी चाकंही गेली असं समजायचं. आपण म्हणतो चेन ताणली. खरं तर लोखंड ताणत नाही, प्रत्येक पिन आपल्या जागी थोडी थोडी झिजते, आणि सगळ्यांची झीज मिळून पट्टीवर दिसते. एकेका पिनेची झीज पाहायची म्हटली तर भिंगातूनही दिसणार नाही. हे मला फार आवडतं. का ते सांगता येणार नाही.

चाकाचा आऊट काढणं ही अण्णांची खास आवड निघाली. चाक फिरवलं की रिम डावी-उजवीकडे डोलते, तो आऊट. घड्याळातल्या बॅलन्स व्हीललाही आऊट असतो. ते चाक आठच्या आकड्यासारख्या चिमट्यात धरून फिरवतात आणि सपाट फिरतंय का बघतात. अण्णांच्या मते सायकलचं चाक म्हणजे भिंगाशिवाय दिसणारं बॅलन्स व्हील.

इथलं अवजार म्हणजे स्पोकचं निपल फिरवायची चावी. निपलच्या बाजू ३.२३, ३.३० किंवा ३.४५ मिलिमीटर अशा मापांच्या असतात. फरक नखाएवढाही नाही, पण ढिली चावी लावली की पितळी निपलचे कोपरे गोल होतात आणि मग ते कुठल्याच चावीला दाद देत नाही. म्हणून आधी व्हर्नियर लावायचा, मग चावी निवडायची. रिम उजवीकडे जात असेल तर तिथले डाव्या बाजूचे स्पोक पाव फेरा आवळायचे, उजव्या बाजूचे पाव फेरा सोडायचे. पाव म्हणजे पाव. चाक फिरवायचं, ब्रेकच्या रबराशी किती फट राहते ते बघायचं, मग पुढचा पाव.

अण्णा मात्र फट बघण्याआधी स्पोक छेडतात. एका बाजूच्या स्पोकांचा आवाज साधारण सारखा यायला हवा. गिअरच्या सायकलच्या मागच्या चाकात उजव्या बाजूचे स्पोक जास्त ताणलेले असतात, म्हणून ते चढे वाजतात, डावे उतरे. अण्णा एकेक स्पोक टिचकीने वाजवत जातात आणि मध्येच थांबतात, "हा उतरलाय." त्यांचं दुकान सतारमेकर गल्लीपासून हाकेच्या अंतरावर होतं. मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, ती बातमी त्यांनी कापून डब्याच्या झाकणाला आतून चिकटवली आहे. तीसेक वर्षं शेजारी जवारी लावली जात असताना घड्याळं उघडलेल्या माणसाला स्पोक ऐकू येणारच. असो.

आता कोन. सायकल न उघडलेल्यांसाठी सांगतो. चाकाच्या एक्सलवर शंकूसारखा एक नट असतो, त्याला कोन म्हणतात. हबमध्ये वाटी असते. वाटी आणि कोन यांच्या मध्ये छर्रे फिरतात. साध्या सायकलला पुढच्या चाकात प्रत्येक बाजूला दहा, ३/१६ इंचाचे. मागे प्रत्येक बाजूला नऊ, पाव इंचाचे. कोन किती आवळायचा यावर सगळं अवलंबून असतं. ढिला राहिला तर चाक लडबडतं, जास्त आवळला तर छर्रे वाटीला चरे पाडतात. आणि गंमत अशी की कोन बरोबर लावून वरचा चेकनट आवळला की कोन पुन्हा थोडा सरकतो. म्हणून एक पातळ पाना कोनाला धरून ठेवायला लागतो, दुसरा चेकनटला. कोनाचा पाना जेमतेम दोन मिलिमीटर जाडीचा असतो, कारण त्याला जागाच तेवढी असते.

अण्णांनी स्वतःच्या सायकलचं पुढचं चाक उघडलं तेव्हा मी शेजारी बसून बघत होतो. छर्रे चिमट्याने उचलून रॉकेलमध्ये टाकले, पुसले आणि एकेक व्हर्नियरने मोजला. ४.७६, ४.७६, ४.७६, ४.७०. तो चौथा त्यांनी बाजूला ठेवला. म्हणाले, "हा काहीच काम करत नव्हता, बाकीच्यांच्यात नुसता फिरत होता." मग वीसच्या वीस नवीन घातले, एकाच पुडीतले. ग्रीस भरलं, कोन बोटाने बसवला, आणि अगदी थोडा मागे सोडला.

मी विचारलं, "अण्णा, सोडला का?"

"घट्ट म्हणजे बरोबर असं नसतंय. जरा हललं पाहिजे."

घड्याळातल्या प्रत्येक चाकाचा दांडा वरच्या आणि खालच्या ज्वेलमध्ये बसतो, पण अडकून बसत नाही. वर-खाली हलायला त्याला मिलिमीटरच्या काही शतांश भागाइतकी जागा ठेवलेली असते. त्याला एंडशेक म्हणतात. ही जागा जास्त झाली तर घड्याळ चुकतं, अजिबात नसेल तर बंद पडतं. अण्णा सांगत होते, नवा मुलगा शिकायला आला की पहिलं वर्ष सगळं घट्ट बसवतो, कारण हललं की त्याला भीती वाटते. मग चेकनट आवळून त्यांनी चाक फोर्कमध्ये लावलं, नट पूर्ण आवळले, रिम धरून डावी-उजवीकडे हलवून पाहिली. हलली नाही. चाक सोडून दिलं, तर ते आपोआप सावकाश फिरलं, वाल्व खाली आला, थोडा पुढे गेला, मागे आला आणि थांबला. नुसत्या वाल्वच्या वजनाने चाक फिरतंय म्हणजे कोन बरोबर लागला. सोडलेली ती मोकळीक चेकनट आणि बाहेरचे नट आवळताना वापरली गेली होती.

आता दुसरा प्रश्न.

या फेब्रुवारीत सोसायटीतल्या एकांनी ताईला फोन करून सांगितलं की अण्णा सिग्नलपाशी सायकलवरून उतरताना झोकांडले. पडले नाहीत. पण ताईने त्याच रात्री मला सांगितलं, सायकल विकून टाक. अण्णा अठ्ठ्याहत्तर वर्षांचे आहेत, पडले आणि खुबा मोडला तर काय, हे तिचं म्हणणं. त्यात खोटं काहीच नव्हतं. त्या रात्री मलाही झोप लागली नाही.

अण्णांशी बोललो. त्यांनी वाद घातला नाही. एवढंच म्हणाले, "या घरात टीव्ही लावायचा तर विचारावं लागतंय, रिमोट कळत नाही. बँकेचं मोबाईलवर, तेही विचारून. डॉक्टरची वेळसुद्धा तू घेतोस. सायकल काढताना कुणाला विचारायला लागत नाही."

यावर काय बोलणार? दोघांचंही बरोबर होतं. मग मी चेनला करतो तेच केलं. मोजलं. चार दिवस सकाळी बाल्कनीतून पाहिलं आणि लिहून ठेवलं. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं आहे, लांबचं नीट दिसतं. सरळ चालवताना तोल उत्तम. वळताना हात दाखवतात. ब्रेक वेळेवर लागतो. अडचण एकाच ठिकाणी होती, चढता-उतरताना. त्या उंच सायकलवर पाय मागून, कॅरियरवरून टाकावा लागतो, आणि तेवढा क्षणभर ते एका पायावर, तिरक्या सायकलवर असतात. बाकी सगळी सायकल ठीक होती, झीज तेवढ्या एका जागी होती.

मी सुचवलं, मधला दांडा नसलेली सायकल घेऊ, सीटही खाली करू, म्हणजे बसल्या बसल्या दोन्ही पाय जमिनीला टेकतील. "बायकांची सायकल?" असं म्हणून दोन दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी म्हणाले, घेऊ, पण एका अटीवर. दुकानातून आणल्यावर तिची प्रत्येक बेअरिंग ते स्वतः उघडणार.

तीन संध्याकाळी लागल्या. पुढचं चाक, मागचं चाक, हँडल, पायडलचा दांडा. त्यांचा हात आता थोडा कापतो, पण मनगट टेबलाच्या कडेला टेकलं की थांबतो. घड्याळवाले असेच मनगट टेकवून काम करतात, ते म्हातारपणासाठी शिकलेलं नव्हतं पण म्हातारपणी उपयोगी आलं. घंटी त्यांनी जुन्या सायकलची लावली.

ताई, मी आणि अण्णा, तिघांनी मिळून ठरवलं ते असं. सकाळी साडेसहा ते साडेसात. आतले रस्ते, मोठा चौक नाही. डोक्यावर हेल्मेट, खिशात मोबाईल. अण्णांची अट एकच होती, त्या मोबाईलवर ते कुठे आहेत हे आम्ही बघायचं नाही. ताईला ही अट पटलेली नाही. ती रोज सात पस्तीसला फोन करते आणि "काय चाललंय?" असं विचारते, जणू सहजच. अण्णाही सहजच उचलतात.

म्हणून आत्या, तुझ्या प्रश्नाचं उत्तर. "चालवू देतोस का" यातला "देतोस" मला पटत नाही. ती चावी माझ्या हातात नाही. सायकल अण्णा चालवतात, आम्ही तिचे नट बघतो. ते कधीच पडणार नाहीत अशी हमी मी देऊ शकत नाही. एखाद्या दिवशी मोजल्यावर आकडा बारा आणि एक अष्टमांश येईल, आणि तेव्हा तो अण्णांना माझ्याआधी दिसेल असं मला वाटतं. त्यांनी आयुष्यभर तेच काम केलं आहे. तोपर्यंत आवळून ठेवलेलं चाक जास्त टिकतं असं समजू नये.

आणि सायकलवाल्या मित्रांसाठी यादी. एक फुटाची स्टीलची पट्टी. टोकदार चिमटा. भिंग. आपल्या निपलच्या मापाची चावी. कोनाचे पातळ पाने, दोन. बारीक तोंडाची तेलाची बाटली. जमला तर व्हर्नियर. सगळं मिळून चपलांच्या खोक्यात मावतं आणि जन्मभर पुरतं.

येत्या रविवारी माझ्या सायकलच्या मागच्या चाकाचे कोन उघडायचे आहेत. अण्णांनी छर्रे आधीच मोजून दोन वाट्यांत ठेवलेत, नऊ आणि नऊ.